जमल्यास

‘चला, प्रार्थना समाजवाले, पुढे या!’ कंडक्टरने दांडीवर मशीन आपटत हाक दिली आणि बसमधले सात-आठ जण उठले. एक्स-रेचं भलंमोठं पाकीट सांभाळणारी एक बाई, कानात बोंडं घातलेली दोन कॉलेजची पोरं, डब्यांची पिशवी गुडघ्यांत धरून बसलेला एक म्हातारा, एक कुरियरवाला, आणखी एक-दोघं आणि मी. दाराशी आम्ही दाटीवाटीने उभे राहिलो, एकमेकांच्या छत्र्यांचं पाणी एकमेकांच्या पायांवर गाळत. मला एकदम हसू फुटलं. अण्णा असते तर त्यांनी डोकी मोजली असती. रविवारच्या उपासनेला आठ माणसं म्हणजे पावसाळ्यात बरी हजेरी, असा त्यांचा हिशोब होता. बस थांबली, आम्ही उतरलो आणि तो आठ जणांचा समाज अर्ध्या मिनिटात पांगला. ज्या मूर्ती न मानणाऱ्या प्रार्थना समाजावरून या थांब्याला नाव पडलं, त्याच्या कोपऱ्यावरच्या इमारतीकडे एकानेही मान वर करून पाहिलं नाही. मी पाहिलं, पण ओशाळून पाहिलं. माझ्या फोनमध्ये गुरुजींनी पाठवलेली यादी होती: दर्भ, काळे तीळ, जव, गंध, जानव्याचे जोड, सुपाऱ्या, पत्रावळी, माका (मिळाल्यास). बाबांचं वर्षश्राद्ध चार दिवसांवर आलं होतं. हे सगळं सामान भुलेश्वरला एका दुकानात मिळतं, आणि तिथे जायला मी नेहमी प्रार्थना समाजलाच उतरतो.

उतरायचं ठिकाण, एवढाच माझा आणि त्या समाजाचा संबंध आता उरलाय.

अण्णा म्हणजे माझे आजोबा. शाळामास्तर. डोक्यावर काळी टोपी आणि रविवारी संध्याकाळी कोट. गिरगावातल्या चाळीत आमच्या दोन खोल्या होत्या, आणि त्या दोन खोल्यांत दोन धर्म गुण्यागोविंदाने नांदत होते. बाहेरची खोली अण्णांची. तिथे न्यायमूर्ती रानड्यांची तसबीर, एक पेटी आणि निळ्या शाईने स्वतःच्या हाताने उतरवलेली अभंगांची वही. आतली खोली आजीची. तिथे फळीवर तिचा देव्हारा: माहेरची अन्नपूर्णा, रांगता बाळकृष्ण आणि नाकडोळे झिजून गेलेला एक चांदीचा टाक. पहाटे अण्णा बाहेर डोळे मिटून बसत, आजी आत घंटा वाजवे. अण्णांनी घंटेला कधी हरकत घेतली नाही आणि आजीने त्यांच्या वहीला कधी कुणाचा पाय लागू दिला नाही. ‘यांचा देव भिंतीसारखा,’ ती शेजारणीला सांगायची, ‘पाठ टेकायला बरा. पण नमस्कार करायचा तर तोंड कुठाय त्याला?’ अण्णा बाहेर ऐकत आणि मिशीत हसत. चतुर्थीचे मोदक मात्र ते मोजून चार घेत, वर तूप मागून. मूर्तीला हात जोडायचे नाहीत पण नैवेद्य सोडायचा नाही, ही समाजाची खास रीत, असं बाबा म्हणायचे.

रविवारी अण्णा मला बरोबर नेत. मी तेव्हा आठ-नऊ वर्षांचा असेन. आत शिरलं की आधी वास यायचा: ओल्या छत्र्यांचा, जुन्या लाकडाचा आणि म्हाताऱ्यांच्या कोटांतून येणारा डांबराच्या गोळ्यांचा. बाहेर बसचे हॉर्न, केळीवाल्याची हाक. आत एक पद, मग मराठीतली प्रार्थना, मग प्रवचन आणि पेटीवर तुकोबांचा अभंग. प्रवचनात ‘परमेश्वर’ आणि ‘अंतःकरण’ हे शब्द इतक्या वेळा यायचे की मी बोटांवर मोजायचो. आजीबरोबर मुंबादेवीला जाणं ही गंमत होती. तिथे गर्दी, फुलांचा चिखल, पेढे, हरवायची भीती. देवी कोपली तर काय होईल याच्या आजीकडे शंभर गोष्टी. अण्णांचा देव कोपतच नव्हता. न चिडणाऱ्या देवापुढे लहान मुलाने करायचं काय? माझी तक्रार हीच होती. पण एक गोष्ट खरी. प्रार्थनेनंतर काही क्षण सगळे गप्प बसत. त्या वेळी बाजूच्या म्हाताऱ्याचा श्वास ऐकू यायचा, कुणाच्या तरी पोटातला गुरगुराट ऐकू यायचा आणि वरचा पंखा दर फेरीला एकदा कुरकुरायचा. इतकी माणसं एकत्र बसून काहीच मागत नाहीत, हे दृश्य नंतर मी फार कुठे पाहिलं नाही.

अण्णा १९८६ मध्ये गेले. त्यांच्या वहीच्या शेवटच्या पानावर चार ओळी होत्या. माझ्यामागे क्रियाकर्म, पिंडदान, श्राद्ध यांपैकी काहीही करू नये. जमल्यास एखादी प्रार्थना करावी.

जमल्यास.

मृत्युपत्रात हा शब्द मी दुसऱ्या कुणाच्या पाहिलेला नाही. कर्मठ माणूस लिहील तर ‘अवश्य करावे’ लिहील. पक्का नास्तिक लिहील तर ‘करू नये’ लिहून थांबेल. अण्णांनी ‘करू नये’ लिहिलं, आणि मग पुढे, आपल्यामागे राहिलेल्यांची पंचाईत होईल हे जणू लक्षात येऊन, ‘जमल्यास’. त्यांच्या समाजाची तीन वृद्ध माणसं आली, बाहेरच्या खोलीत सतरंजीवर बसून त्यांनी दोन अभंग म्हटले, चहा घेतला आणि ‘बराय मग’ म्हणून गेली. सगळं मिळून चाळीस मिनिटं. त्यानंतरचे तेरा दिवस आजी आतल्या खोलीत देव्हाऱ्याकडे पाठ करून बसून होती. रडायला तिला काही निमित्तच मिळत नव्हतं. ज्यांच्या घरी दहावं असतं, बारावं असतं, त्यांना रोज काहीतरी करायचं असतं: भांडी आणायची, गुरुजींना निरोप धाडायचा, कावळा शिवतो का बघायचा. हातांना काम असलं की दुःखाला रांगेत उभं राहावं लागतं. आमच्याकडे ते मोकळं फिरत होतं. दहाव्या दिवशी सकाळी मी दूध घेऊन येत होतो, तर बाबा गच्चीच्या जिन्यावरून खाली उतरताना दिसले. त्यांच्या हातात रिकामी पत्रावळ होती. माझ्याकडे बघून म्हणाले, ‘तुझ्या आजीला सांगू नकोस.’ मग एक पायरी उतरून थांबले आणि म्हणाले, ‘किंवा सांग.’

त्या रिकाम्या पत्रावळीचं काय करायचं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. बाबांनी अण्णांचा शब्द मोडला की आजीचा राखला? आणि आता बाबांसाठी मी दर्भ आणायला निघालो होतो, ते कोणाचा शब्द राखायला? बाबांनी तर काहीच लिहून ठेवलं नव्हतं. आत्याने फोनवर विचारलं, ‘वर्षश्राद्धाचं काय ठरवलंस?’ मी म्हटलं, बघू, साधी प्रार्थना करायचा विचार आहे. ती क्षणभर गप्प झाली आणि मग म्हणाली, ‘म्हणजे काहीच करणार नाहीस?’

गिरगावात हिंडताना हे ‘काहीच’ माझ्या कानात वाजत होतं. कारण ते काहीच नसलेलं काहीतरी उभं करायला माणसांना केवढे सायास पडले होते. प्रार्थना समाजाच्या आधी, १८४९ च्या सुमाराला याच मुंबईत परमहंस सभा होती. तिचं कामकाज गुप्त. सभासद होणाऱ्याने ख्रिस्ती माणसाच्या भट्टीतला पाव खायचा, की झाली जात मोडून. पाव खाल्ला, पण दार लावून. पुढे सभासदांची नावं फुटली तेव्हा मंडळी घाबरली आणि सभा बसली. त्याच वर्तुळातल्या लोकांनी, बंगालातल्या ब्राह्मो समाजाचे पुढारी केशवचंद्र सेन येऊन गेल्यावर, ३१ मार्च १८६७ रोजी प्रार्थना समाज काढला तो उघड्या दाराने. डॉ. आत्माराम पांडुरंग पुढे होते. (याच डॉक्टरांच्या घरी १८७८ मध्ये सतरा वर्षांचा रवींद्रनाथ इंग्रजी बोलण्याचा सराव करायला राहिला होता, हे अण्णा दर दोन महिन्यांनी सांगायचे, जणू ते स्वतः त्याला उतरवून घ्यायला गेले होते.) पुढे रानडे आले, संस्कृत पंडित रामकृष्ण गोपाळ भांडारकर आले. देव एक, तो निराकार, त्याला मूर्ती नको, मध्यस्थ नको. भाषा मराठी आणि पदं संतांची. बंगालातलं ब्राह्मो हे नाव त्यांनी घेतलं नाही. आपण भागवत धर्माचंच पुढचं पाऊल टाकतोय, अशी त्यांची धारणा. आणि उघड्या दाराची किंमत म्हणून अटी सैल. जात सोडल्याचा दाखला नको, घरचे कुळाचार बंद केल्याची शपथ नको. परमहंसवाल्यांनी पाव खाल्ला पण नाव लपवलं. यांनी नाव लावलं पण पावाची अट काढली. शब्दात नसलं तरी घटनेत ‘जमल्यास’ पहिल्यापासून होतं.

आणि ते कुठे कुठे जमलं नाही, याचा पाढा अण्णांच्या तसबिरीतल्या माणसापासूनच सुरू होतो. १८७३ मध्ये रानड्यांची पहिली पत्नी गेली. विधवाविवाहाचा पुरस्कर्ता, वय एकतीस. आता हा विधवेशी लग्न करणार, अशी मित्रांना खात्री. वडिलांनी हट्ट धरला आणि रानड्यांनी अकरा वर्षांच्या मुलीशी लग्न केलं. मला कॉलेजात हे कळलं तेव्हा मी अण्णांशी भांडायला गेलो असतो, पण अण्णा नव्हते. मग तसबिरीशी भांडलो. ती अकरा वर्षांची मुलगी म्हणजे रमाबाई रानडे. नवऱ्याने शिकवलं, घरातल्या बायकांचे टोमणे खात शिकली, आणि १९०९ मध्ये पुण्यात सेवासदन उभं केलं. तरीही हिशोब पुरा होत नाही. ज्या विधवेशी लग्न व्हायचं होतं तिचं काय झालं, तिचं नावही कुणाला माहीत नाही. मग १८९० चं पुण्याच्या पंचहौद मिशनमधलं चहाप्रकरण. ख्रिस्ती मिशनऱ्यांनी व्याख्यानाला बोलावून चहा पुढे ठेवला, कुणी प्यायला, कुणी नुसता कपाला हात लावला. गोपाळराव जोश्यांनी नावं छापून आणली आणि सनातन्यांनी बहिष्काराचं रान उठवलं. त्या यादीत टिळकही होते, रानडेही. रानड्यांनी काही काळ ताणून धरलं आणि शेवटी प्रायश्चित्त घेतलं, मित्रांची अडचण नको म्हणून. चहाच्या एका कपासाठी! वर्गात आम्ही खो खो हसलो होतो. आता हसू येत नाही. मी स्वतः आत्याच्या एका वाक्यासाठी भुलेश्वरला निघालो होतो, आणि मला तर कुणी वाळीत टाकणार नव्हतं.

त्याच १८७३ मध्ये, सप्टेंबरात, पुण्यात जोतीरावांनी सत्यशोधक समाज काढला. वर्ष संपायच्या आत त्यांनी भटजीशिवाय लग्न लावून दाखवलं. मारामारीची भीती, पण लावलं. पुढे कोर्टकचेऱ्याही झाल्या. प्रार्थना समाजातली बरीच विद्वान मंडळी तोवर ईश्वराच्या स्वरूपावर निबंध वाचत होती. जोतीरावांनी त्यांच्यावर कोरडे ओढले ते उगाच नाही. १८८५ मध्ये रानड्यांनी ग्रंथकारांच्या सभेचं बोलावणं धाडलं तेव्हा जोतीरावांनी येणार नाही म्हणून कळवलं, आणि त्या मंडळींना ‘घालमोडे दादा’ म्हटलं. लहानपणी मला अण्णांचा समाज म्हणजे सगळ्यात पुढारलेली माणसं वाटायची. त्या बाकांवर आमच्या आणि आमच्या आसपासच्या जातींबाहेरचं कोण बसतं, हा प्रश्न मला पडला नव्हता. पडायचं कारणही नव्हतं. आडनावं ऐकली की सगळी ओळखीचीच वाटायची, आणि ज्यांना ओळखीची वाटतात त्यांना असले प्रश्न पडत नाहीत.

शिंद्यांना पडला. विठ्ठल रामजी शिंदे, जन्म पुन्हा १८७३ चा, जमखंडीचा. अण्णांनी त्यांना उतारवयात पाहिलं होतं आणि त्यांच्याबद्दल बोलताना अण्णांचा आवाज बदलायचा, कौतुक आणि अपराध दोन्ही त्यात असायचं. शिंदे १९०१ मध्ये ऑक्सफर्डला गेले, युनिटेरियन या उदारमतवादी ख्रिस्ती पंथाच्या मंडळींच्या शिष्यवृत्तीवर तौलनिक धर्म शिकले, १९०३ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या परिषदेत हिंदुस्थानातल्या उदार धर्माबद्दल निबंध वाचून परतले आणि मुंबईत समाजाचे प्रचारक झाले. उदार धर्म हा शब्द अण्णांच्या तोंडी होता तो तिथूनच. शिंद्यांना उदारपण बाकावर बसून करायचं नव्हतं. १८ ऑक्टोबर १९०६ रोजी त्यांनी अस्पृश्यांसाठी डिप्रेस्ड क्लासेस मिशन काढलं, परळला शाळा सुरू केली, बहीण जनाक्का त्यांच्याबरोबर राबली. नारायणराव चंदावरकर अध्यक्ष झाले, पैसे आले, भाषणं झाली. पण मंदिरात प्रार्थना करणं वेगळं आणि अस्पृश्यांच्या वस्तीत बिऱ्हाड करणं वेगळं. चार वर्षांत शिंदे समाजाच्या प्रचारकपणातून बाहेर पडले. अण्णा सांगायचे, ‘ते आमच्यातले सगळ्यात खरे. म्हणून आमच्यात राहिले नाहीत.’ आणि गप्प व्हायचे. मला वाटतं, ‘जमल्यास’ हा शब्द लिहिताना त्यांना हे सगळं आठवत असणार. त्या शब्दात दुसऱ्याला दिलेली मोकळीक आहे आणि स्वतःला पाठीशी घालणंही आहे. दोन्हींत सुई शिरेल एवढीही फट नाही.

तर भुलेश्वर. दुकान म्हणजे भिंतीतला कोनाडा. दर्भाच्या जुड्या वर टांगलेल्या, खाली पोत्यांत जव आणि तीळ, कापूर आणि गोमूत्राच्या बाटल्यांचा मिळून एक वास. दुकानदाराने यादी वाचली नाही, नुसतं विचारलं, ‘वर्षश्राद्ध की पक्ष?’ आणि हात चालवायला लागला. दोन मिनिटांत सगळं कागदात. किती सोपं! आजीला १९८६ मध्ये कुणीतरी असा एक कागदाचा पुडा आणून द्यायला हवा होता. ‘माका नाही आज,’ दुकानदार म्हणाला. मी तिथूनच गुरुजींना फोन लावला. मागे रिक्षाचा आवाज येत होता. ते कुठल्या तरी एका कार्यातून दुसऱ्या कार्याला निघाले असणार. ‘नाही मिळाला तर राहू दे हो,’ ते म्हणाले. ‘तुळस घाला. भाव महत्त्वाचा. देवाला तुमच्या मनातलं कळतं, माका नाही बघत तो.’ आणि मग, ‘सकाळी साडेनऊला येतो, साडेदहाला मोकळे. आणि तुम्हाला संस्कृत नको असेल तर प्रत्येक ठिकाणी मराठीत अर्थ सांगेन, हल्ली सगळेच मागतात.’

मी फोन हातात धरून उभा राहिलो. भाव महत्त्वाचा, मध्ये काही नको, देवाला मराठी कळतं. हेच ऐकायला अण्णा तीस-चाळीस वर्षं दर रविवारी कोट चढवून जात होते! आणि आता ते रिक्षातून, फोनवर, जानव्याच्या जोडाबरोबर घरपोच मिळत होतं. माझ्या पुतणीचं लग्न पुण्यात एका बाईने लावलं, ज्ञान प्रबोधिनीच्या पोथीवरून, दर मंत्राचा अर्थ सांगत. पंगतीत कुणी त्यावर चकार शब्द काढला नाही, बासुंदी पातळ झाल्याची चर्चा जास्त झाली. विधवेने लग्न केलं तर कोण कपाळाला आठी घालतं आता? भांडारकरांनी १८९१ मध्ये आपल्या विधवा मुलीचं लग्न लावलं तेव्हा केवढा गहजब झाला. आज तो शब्दसुद्धा जुनाट वाटतो. त्या इमारतीत बोललं गेलेलं अर्धं अधिक सगळ्यांच्या घरात जाऊन बसलं, आणि बोलणाऱ्यांचं नाव बसथांब्याला उरलं. दुधात साखर विरघळावी तसं झालं असं म्हणायचा मोह होतो, पण मी तो आवरतो. कारण विरघळलं ते सोयीचं तेवढंच. एका तासात आटोपणारं श्राद्ध आलं, श्राद्ध कशाला या प्रश्नाचं ओझं नाही आलं. माझ्याच सोसायटीच्या ग्रुपवर सकाळी ‘देव सगळीकडे एकच’ असं फूल येतं आणि दुपारी ‘त्यांना’ फ्लॅट भाड्याने देऊ नका असा निरोप येतो, पाठवणारा तोच. मीही तिथे आहे. सकाळच्या फुलाला अंगठा देतो आणि दुपारच्या निरोपाला, भांडण नको म्हणून, काहीच लिहीत नाही. मित्रांची अडचण नको म्हणून प्रायश्चित्त घेणाऱ्या माणसाची तसबीर अजून माझ्याकडे आहे, ती उगाच नाही.

परत येताना पाऊस वाढला. सी. पी. टँकवरून कोपऱ्यापर्यंत येईतो छत्रीच्या काड्या उलट्या झाल्या आणि मी सरळ त्या इमारतीच्या आडोशाला शिरलो. तिथे खुर्चीवर एक रखवालदार बसला होता. ‘कोणाला भेटायचंय?’ त्याने विचारलं. प्रश्न रीतीचाच होता, पण त्या दारात तो ऐकून मला उत्तर सुचेना. ‘कोणाला नाही,’ मी म्हटलं, ‘पाऊस आहे म्हणून.’ ‘मग बसा ना आत,’ तो म्हणाला आणि फोनवरच्या क्रिकेटकडे वळला. मी बसलो. काळे तीळ, दर्भ, जानवी मांडीवर. समोर पाहायला काही नव्हतं, आणि लहानपणी जशी नजर अडखळायची तशीच अडखळली. इथे माझी जात, गोत्र, श्रद्धा कुणी विचारली नव्हती. पिशवीत काय आहे तेही नाही. शेजारी कुणी कोपलं नव्हतं, कुणी प्रसन्नही झालं नव्हतं. मनात एकदा आलं की पुडा इथेच बाकाखाली सोडून जावं. मग गुडघेदुखीने रात्री झोप न येणारी, गच्चीकडे बघणारी आई आठवली. गेल्या वर्षी बाबांचं दहावं आम्ही केलं नव्हतं, घाईत, विजेच्या दाहिनीवर दोन ओळींची प्रार्थना म्हणून परतलो होतो, आणि तेव्हापासून ती रोज दुपारी पोळीचा तुकडा कठड्यावर ठेवते. मला दिसू नये अशा वेळी ठेवते. मी तेव्हाच आंघोळीला जातो. पावसाचा जोर ओसरला तसा मी उठलो. रखवालदार म्हणाला, ‘छत्री विसरलात.’

गुरुवारी गुरुजी साडेनऊला आले. आईने पहाटे उठून वडे केले होते, खीर केली होती, आमसुलाची चटणी वाटली होती. सगळ्या घराला वेलची आणि तळणीचा वास. मी धोतर नेसलो नव्हतो, गुरुजी म्हणाले, ‘चालेल हो, वर उपरणं घ्या.’ ताटात दर्भ मांडले. त्यांनी भाताचे गोळे करायला सांगितले. ‘तीन करा,’ ते म्हणाले. मी म्हटलं, तीन? श्राद्ध बाबांचं आहे. ‘हो, पण पिंड तीन पिढ्यांचे. पिता, पितामह, प्रपितामह. वडिलांना एकट्यांनाच कसं जेवायला घालणार?’ हे मला कुणी सांगितलं नव्हतं, किंवा सांगितलं असेल आणि मी ऐकलं नसेल. भात कोमट होता, बोटांना चिकटत होता. पहिला पिंड ठेवला, बाबांचं नाव घेतलं. गुरुजींनी तीळ-पाणी सोडायला लावलं आणि दुसऱ्याकडे बोट केलं.

‘आजोबांचं नाव?’

मी थांबलो. गुरुजींनी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं नाही असं पाहिलं. स्वयंपाकघराच्या दारात आई पदराला हात पुसत उभी होती. तिला अण्णांची वही माहीत होती, शेवटचं पानही माहीत होतं. सून म्हणून या घरात आल्यावर पहिल्या वर्षी तिने अण्णांबरोबर रविवारची उपासनाही केली होती. ‘सांग ना,’ ती म्हणाली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, ‘जमत नसेल तर मी सांगते.’

मी नाव सांगितलं. गुरुजींनी ते संस्कृतात ओवून पुढे नेलं, आणि मी दुसरा गोळा दर्भावर ठेवला. माझ्या हाताने तो नीट वळला गेला नव्हता. ठेवल्यावर हळूच कलला आणि बाबांच्या पिंडाला टेकून राहिला. गुरुजी सरळ करायला वाकले. मी म्हटलं, असू दे.